दाणे पाहू देत, गोळी मात्र थांबवू नका

ताई, नमस्कार.

माझा मुलगा सात वर्षांचा आहे. तीन वर्षांचा होता तेव्हापासून अधूनमधून हातपाय नाहीतर कंबर धरून रडतो. चार-पाच दिवस नुसता तळमळतो, मग आपोआप खेळायला लागतो. डोळे पिवळे दिसतात. गेल्या पावसाळ्यात पालिकेच्या हॉस्पिटलात रक्त तपासलं तेव्हा सिकलसेल निघाला, कागदावर ‘एसएस’ लिहून दिलंय. हायड्रॉक्सियुरिया आणि फॉलिक अ‍ॅसिड चालू आहे. आधी महिन्या-दीड महिन्याला दुखायचं, आता पाच महिन्यांत एकदाच दुखलं.

मिस्टर नंदुरबारच्या धडगावकडच्या डोंगरातले, पावरा समाजाचे. मी भंडाऱ्याची. आमचं लव्ह मॅरेज आहे, भांडुपला राहतो. दिवाळीत सासूबाईंनी गावच्या बडव्याकडे दाणे पाहिले. तो म्हणाला, देवाचं देणं राहिलंय, आणि घरातल्याच एका बाईची नजर आहे. होळीला पोराला घेऊन या, रात्रभर बसवायचं, बकरा द्यायचा, आणि महिनाभर दवाखान्याचं औषध बंद ठेवायचं. मिस्टर बारावी शिकलेले, तरी म्हणतात जायचंच. मी रागात बोलून गेले, तुमच्या जंगली लोकांच्या नादाला मी माझं पोर लावणार नाही. तेव्हापासून घरात अबोला आहे. माझा भाऊ म्हणतो, सरळ पोलिसात दे. मला संसार मोडायचा नाही आणि मुलगाही गमवायचा नाही. काय करू?

– एक आई, भांडुप

*

तुमच्या पत्रातला सगळ्यात सोपा प्रश्न आधी मिटवते. गोळी बंद करायची नाही. महिनाभर नाही, होळीच्या चार दिवसांपुरतीही नाही. आज दुखत नाही म्हणून डब्यात ठेवून द्यावी अशी ही गोळी नव्हे. बाळ पोटात असताना त्याच्या रक्तात एक वेगळं हिमोग्लोबिन असतं. रोज घेतली तर ही गोळी तेच हिमोग्लोबिन काही महिन्यांत पुन्हा वाढवते, आणि ते जितकं जास्त तितक्या रक्तातल्या पेशी कमी वाकड्या होतात. महिनाभर खंड पडला की कमावलेलं ओसरतं, दुखणं परत येतं, आणि मग ते कुणाच्या तरी नजरेच्या नावावर मांडलं जातं.

पाच महिन्यांत एकदाच दुखलं, हे तुम्ही जाता जाता लिहून गेलात. माझ्या लेखी पत्रातली सगळ्यात मोलाची ओळ ती आहे. मिस्टरांना ती कॅलेंडरवर दाखवा. आधीच्या दुखण्याच्या जेवढ्या तारखा आठवतात त्यांच्यावर खूण करा, नंतरच्या एका तारखेवर करा. वाद घालू नका, कॅलेंडर समोर ठेवा आणि चहा करायला जा.

आता दुसरं. होळीला जा. मुलाला घेऊन जा आणि बडव्यासमोर बसू द्या. तुमचा भाऊ माझ्यावर रागावेल. तरी मी हे विचार करून सांगते आहे.

मी मुंबईतल्या एका मोठ्या रुग्णालयात बरीच वर्षं समाजसेविका होते. पालघरच्या डोंगराकडून एक वारली बाई चार वर्षांच्या मुलीला घेऊन आली होती. पोरीची छाती भरलेली, श्वास वर-खाली होत होता. मनगटाला काळा दोरा आणि त्यात कापडाची इवलीशी पुडी, भगताने बांधलेली. सलाइन लावायला शीर सापडेना म्हणून डॉक्टरने कात्री घेतली, दोरा कापला आणि पुडी कचऱ्याच्या डब्यात टाकली. वर दोन शब्द सुनावले, असल्या भानगडी करून शेवटी आमच्याकडे आणता म्हणून. आई एक अक्षर बोलली नाही. मीही नाही. पहाटे नर्स फेरीला आली तर पलंग रिकामा. आयाने नंतर सांगितलं, ती बाई रात्री कचऱ्याच्या डब्यात हात घालून काहीतरी शोधत होती. त्या मुलीचं पुढे काय झालं ते मला आजवर कळलेलं नाही. दोरा दुसऱ्या हाताला बांधता आला असता. एवढंच करायचं होतं, आणि ते सांगायला मी तिथेच उभी होते.

म्हणून मी तुम्हाला कात्री चालवायला सांगणार नाही.

बडवा तिथे का आहे, याचा कधी शांतपणे विचार केलात का? (पंढरपूरच्या बडव्यांशी या शब्दाचा संबंध लावू नका. भिल्ल-पावरा समाजात आजाराचं कारण पाहणारा, देवाशी बोलणारा तो बडवा. वारल्यांचा भगत, मेळघाटातल्या कोरकूंचा भूमका, ही सगळी त्याच वाटेवरची माणसं.) तळोद्याहून धडगावला चढणारा चांदसैलीचा घाट पावसाळ्यात दरड कोसळून बंद पडतो. वरच्या कित्येक पाड्यांवर गाडी जात नाही, आजारी माणसाला बांबूच्या झोळीत घालून खांद्यावर उतरवावं लागतं. नर्मदेच्या फुगवट्यातल्या गावांसाठी सरकारला दवाखाना बोटीवर न्यावा लागला. अशा ठिकाणी रात्री दोन वाजता दार वाजवल्यावर उठणारा माणूस बडवाच असतो. तो दाणे टाकतो, जोडीने येतात की एकटे उरतात ते पाहतो आणि विचारतो: घरात कोणता नवस राहिला, कोण कुणाशी बोलत नाही, कोण गाव सोडून गेलं? तुमच्या घरच्या दुखण्याची त्याला माहिती आहे. रक्ताची नसेल, माणसांची आहे. मुलगा मुंबईला गेला, परक्या समाजातली मुलगी केली, नातवाला देवासमोर कधी आणलं नाही, हे सासूबाईंच्या मनात सात वर्षं साचलेलं आहे. ‘देवाचं देणं राहिलंय’ याचा अर्थ मला तरी असा लागतो की नातू एकदाही आमचा म्हणून आमच्यात बसला नाही.

त्यात मुंबईकरांनी फार नाक मुरडायला नको. याच शहरात, आरेच्या पाड्यांवर, आजही वाघदेवाची पूजा होते. आणि तुमच्या-माझ्या चाळीत पोर किरकिर करायला लागलं की मीठ-मोहऱ्या घेऊन दृष्ट काढतातच ना? तुम्हीही काढली असेल. मी काढली आहे.

आता ‘बडव्याकडे नेलं की गुण येतो’ हे सासूबाई म्हणतात, ते खोटं नाही. त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं आहे. या आजाराची चालच तशी आहे. रक्तातल्या तांबड्या पेशी एरवी गोल, मऊ असतात आणि बारीक नळ्यांतूनही वाकून-सरकून जातात. तुमच्या मुलाच्या पेशी प्राणवायू कमी पडला की ताठरतात आणि विळ्यासारख्या वाकतात. त्या एकमेकींत अडकून बारीक रक्तवाहिनी तुंबते, पुढच्या हाडाला रक्त पोचत नाही आणि कळा सुरू होतात. पाणी कमी पडलं, थंडी बाधली, ताप आला, अती दमणूक झाली की हे होतं. बहुतेक वेळा चार दिवस, फार तर आठवडा, मग ओसरतं. घरची माणसं पहिले दोन दिवस वाट पाहतात, तिसऱ्या दिवशी बडव्याकडे जातात. शेकोटीच्या उबेला, माणसांच्या गराड्यात, आजीच्या मांडीवर पोर पडून राहतं, आणि पाचव्या दिवशी उठून खेळतं. गुण कुणाचा, हे त्या अंगणात कोण ठरवणार? उबेचा आणि विसाव्याचा थोडा वाटा त्यात खरोखरच असतो.

पिवळ्या डोळ्यांबद्दल मात्र तुम्हाला सावध करते, कारण घोळ बहुधा तिथे होतो. निरोगी तांबडी पेशी १२० दिवसांच्या आसपास जगते, सिकलसेलमधली जेमतेम १० ते २० दिवस. इतक्या पेशी सतत फुटतात म्हणून डोळ्यांत पिवळेपणा येतो. ते पाहून कोणीतरी नक्की म्हणेल, कावीळ झाली, उतरवून घ्या. कावीळ उतरवणारे केवळ डोंगरात नाहीत, मुंबईतही आहेत. गळ्यात वनस्पतीच्या काड्यांची माळ घालतात, काड्या सुकतात, गाठी सरकतात, माळ लांबते, आणि कावीळ उतरली असं सांगतात. आंब्याच्या सालीचा रस हाताला लावून चुन्याच्या पाण्यात हात धुतात, पाणी पिवळं होतं. माळेने कुणाचं वाईट होत नाही. पण त्यापुढे काही ठिकाणी नाकात औषधाचे थेंब टाकतात, तेल-तूप-जेवण तोडतात, पोटावर किंवा हातावर डाग देतात. मेळघाटात तान्ह्या बाळांच्या पोटावर तापल्या लोखंडाने दिलेले असे डाग, त्याला तिकडे डंबा म्हणतात, अनेक डॉक्टरांनी पाहिलेत. तुमच्या मुलाला भाजलेली जखम म्हणजे जंतूंना उघडं दार, कारण सिकलसेलमध्ये पाणथरी (प्लीहा) निकामी होत जाते आणि जंतूंशी लढण्याची ताकद आधीच कमी असते. त्याचं जेवण तोडणं तर उलटंच. त्याला चांगलं खायला हवं आणि भरपूर पाणी हवं.

म्हणजे कुठे ‘हो’ म्हणायचं आणि कुठे नाही, ते सांगते. दाणे पाहणं, दिवा, नारळ, देवाला धार देणं, अंगारा लावणं, दोरा बांधणं, हे सगळं होऊ द्या. बकऱ्याचा खर्च झेपत असेल आणि मिस्टरांची इच्छा असेल तर त्यात पडू नका. डाग नाही, मारणं नाही, धुरीसमोर कोंडून बसवणं नाही, उपाशी-तहानलेलं ठेवणं नाही, मोहाच्या दारूचा थेंबही तोंडात नाही. रात्रभर बसायचं असेल तर त्याच्या जागी त्याचे वडील बसतील. मुलगा शेजारी गोधडीत झोपलेला असेल. हे तुम्ही सांगू नका, मिस्टरांना सांगू द्या, त्यांच्या भाषेत, होळीच्या आधी जाऊन किंवा फोनवर. बडव्याला गोळीबद्दल विचारायचं ते असं: ‘औषध देवासमोर ठेवतो, तुम्ही तुमच्या हाताने द्या.’ बरेचसे बडवे-भगत हे मान्य करतात, कारण त्यात त्यांचा मान जात नाही. मेळघाटात आरोग्य खात्याने भूमकांशी भांडण सोडून त्यांना बरोबर घेतलं, रुग्ण दवाखान्यात पाठवा म्हणून त्यांना मानधन देऊ केलं, ते याच समजुतीने. तुमच्या बडव्याने नाहीच ऐकलं, तर पूजा होईल आणि गोळी झोपडीत तुमच्या हाताने दिली जाईल. इतका हट्ट तुम्ही धरायलाच हवा.

आता ज्या ओळीवर माझं मन अडकलंय तिथे येते. ‘घरातल्याच एका बाईची नजर आहे.’

तुम्ही हे वाक्य बकरा आणि रात्रभर बसणं यांच्या रांगेत लिहून टाकलंत. तुम्हाला बहुधा वाटलं असेल, रोख माझ्यावर आहे. असेलही. पण तुम्ही भांडुपला राहता, दार लावून घेऊ शकता. सातपुड्यात ‘नजर’पासून ‘डाकीण’पर्यंतचं अंतर फार थोडं असतं. कुणाचं पोर आजारी, कुणाची गाय मेली, की एखाद्या विधवेवर, म्हाताऱ्या चुलतीवर, एकट्या राहणाऱ्या जावेवर बोट ठेवलं जातं. पुष्कळदा मागे जमिनीचा तुकडा असतो. मग तिला मारहाण होते, गाव सोडावं लागतं, जीवही जातो. तुमच्या मुलाच्या पायातल्या कळेपायी हे कुणा बाईच्या वाट्याला येणार असेल, तर तिथे गप्प बसून चालणार नाही. देवाचं देणं द्या, हवं तेवढं द्या. बाईचं नाव निघणार असेल तर मिस्टरांनी तिथल्या तिथे उभं राहून म्हणायला हवं, ‘आजाराचं कारण आमच्या दोघांच्या रक्तात आहे, कागद माझ्याकडे आहे, माझ्या पोरासाठी कुणाचं नाव घेऊ नका.’ हे बोलायला धाडस लागतं. गावाबाहेर राहणाऱ्या, शिकलेल्या मुलालाच ते परवडतं. त्यांच्या बारावीचा उपयोग इथे आहे.

तुमच्या भावाच्या पोलिसांबद्दलही इथेच बोलते. नरेंद्र दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ ला हत्या झाली, त्यानंतर त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा आला. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणं, चटके देणं, एखादीला करणी करणारी ठरवून तिचं जगणं अवघड करणं, हे त्यात गुन्हे आहेत. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, शिवाय ५ हजार ते ५० हजार रुपये दंड. कुणाच्या अंगाला इजा नाही आणि फसवणूक नाही, अशा पूजेला तो कायदा हात लावत नाही. म्हणजे आज पोलिसात देण्यासारखं काही घडलेलं नाही. घडू लागलं तर मात्र लाजू नका.

‘जंगली लोक’ या शब्दांची माफी मागा. मिस्टरांची एकट्याने मागा, अबोला तिथे सुटेल. तुम्हाला एक गोष्ट माहीत असावी. सिकलसेलचा एकच जीन असलेल्या माणसाला, म्हणजे नुसत्या वाहकाला, जीवघेण्या मलेरियापासून बरंचसं संरक्षण मिळतं. म्हणून तर पिढ्यान्‌पिढ्या मलेरियाच्या रानात राहिलेल्या लोकांत हा जीन टिकला. भारतात तो पहिल्यांदा १९५२ साली निलगिरीच्या डोंगरातल्या आदिवासींत सापडला. सातपुड्यात आहे, गडचिरोलीत आहे, आणि तुमच्या भंडारा-नागपूरकडेही भरपूर आहे, आदिवासी नसलेल्या समाजांतही. मुलगा ‘एसएस’ आहे याचा अर्थ एक जीन त्यांच्याकडून आला आणि एक तुमच्याकडून. कुणाकडून आलं हे भांडण सासरी निघालं तर हेच सांगा. तुमच्या मनात निघालं तरी स्वतःला हेच सांगा.

मोठा मुलगा ‘एसएस’ असताना तुम्ही दोघं दुसऱ्या बाळाचा विचार करत असाल, तर दर गरोदरपणात चारात एक शक्यता तीच राहते. आधी सल्ला घ्या. परळला केईएमच्या आवारात राष्ट्रीय रक्तविकार संशोधनाची संस्था आहे, तिचा हाच विषय आहे. गरोदरपणाच्या सुरुवातीच्या आठवड्यांतही तपासणी होऊ शकते, पण त्यासाठी आधीच नाव नोंदवलेलं बरं.

प्रवासाची तयारी आईच्या नजरेने करा. सुरतमार्गे रात्रीच्या गाडीने नंदुरबारला पोचलात तर दुपारचं ऊन टळेल. पाण्याची बाटली त्याच्या हातात, मागेल तेव्हा नाही तर दर तासाला दोन घोट. पहाटे डोंगरात गारठा असतो, स्वेटर, कानटोपी, पायमोजे घ्या. होळीभोवती नाचायला त्याला कुणी ना कुणी ओढणारच. थोडा वेळ नाचू द्या, दमला की उचलून आणा. गोळ्या दोन पिशव्यांत वाटून घ्या, एक पिशवी हरवली तरी चालेल. डॉक्टरांचा कागद, रक्तगट आणि शेवटचं हिमोग्लोबिन लिहिलेलं, जवळ असू द्या. निघण्याआधी तुमच्या डॉक्टरांना दुखण्यावर कोणतं औषध किती द्यायचं ते विचारून ठेवा, आणि न्यूमोनियाची लस झाली आहे का तेही.

आणि हे पाठ करा, मिस्टरांकडूनही करून घ्या. १०१च्या वर ताप, छातीत दुखणं किंवा धाप, एकदम पांढरा पडणं आणि पोटाची डावी बाजू फुगणं, एका बाजूचा हातपाय लुळा पडणं किंवा बोबडं बोलणं. यातलं एकही दिसलं तर पूजा अर्धी राहिली तरी तिथून उठायचं आणि धडगावच्या ग्रामीण रुग्णालयात जायचं, पुढे नंदुरबार. पाड्यावरून गाडीपर्यंत किती वेळ लागतो, रात्री गाडी कुणाची मिळते, हे पोचल्याच्या दिवशीच विचारून घ्या.

होळीला सगळं घराणं एकत्र जमणार. दीर, नणंदा, त्यांची लग्नाची पोरं. २०२३ पासून केंद्राची सिकलसेल मोहीम चालू आहे, ४० वर्षांखालच्यांची तपासणी सरकारी दवाखान्यात होते, बोटातून काढलेलं थोडंसं रक्त पुरतं. मिस्टरांना गावासाठी काही करायचं असेल तर हे सांगण्याजोगं आहे, तेही बडव्याच्या अंगणात, बडव्यादेखत. एखादा भाचा अजून ‘अंग दुखतं’ म्हणून आळशी ठरवला जात असेल.

तुमच्या पत्रात एक गोष्ट स्पष्ट नाही, आणि ती कळल्याशिवाय मला चैन पडणार नाही. बडव्याने नुसतं ‘घरातली बाई’ म्हटलंय, की नाव घेतलंय? सासूबाईंना तुमच्यापेक्षा मिस्टरांनी विचारलेलं बरं. आज रात्रीच विचारा. नाव घेतलं असेल, तर होळीची वाट पाहू नका. मिस्टरांना आधी एकट्याने गावी जाऊ द्या, आणि मला परत लिहा.